पट्टे दिसले की मधमाशीच? ठाणे-नवी मुंबईतल्या पट्टेवाल्यांचा ओळख-धागा

टेरेसवाली_सीवूड्स

नमस्कार मंडळी. ऑक्टोबर लागला की आमच्या सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर ठरलेला ओरडा सुरू होतो, "बी विंगमध्ये मधमाश्या!!" आणि पाच मिनिटांत कुणीतरी पेस्ट कंट्रोलवाल्याचा नंबर फॉरवर्ड करतं. या वर्षी मी हट्टाने ज्या ज्या घरातून तक्रार आली तिथे जाऊन बघून आले. एकीकडे खिडकीच्या ग्रिलला गांधीलमाशीचं पोळं, एकीकडे एसीच्या मागे कुंभारीण माशीने केलेलं मातीचं मडकं, आणि एका आजींच्या झेंडूवर तर साधी माशी निघाली, म्हणजे जिला डंखच नसतो अशी. खऱ्या मधमाश्या होत्या पाण्याच्या टाकीखाली, आणि त्यांची तक्रार कुणीच केली नव्हती कारण मान वर करून बघतंय कोण.

तर आपल्याकडे दिसणाऱ्या या सगळ्या मंडळींची ओळख एका जागी जमा करूया का? एकच अट, "पिवळे काळे पट्टे आहेत, कोण असेल?" असं विचारू नका. म्हणजे खाकी शर्टवाला माणूस होता, कोण असेल, असं विचारल्यासारखं झालं, पोलिसही असेल, रिक्षावालाही असेल. कुठे बसली होती, उडताना पाय कसे होते, मिशा केवढ्या, घर कशाचं केलंय ते लिहा. फोटो असेल तर उत्तमच.

येऊरचा_भटक्या

ताई, अट एकदम बरोबर आहे, आणि त्यामागे कारणही आहे. पट्टे हा इशारा आहे, "माझ्या वाटेला जाऊ नकोस". ज्यांना डंख आहे त्या सगळ्यांनी एकच गणवेश घातला की पक्ष्याला एकदाच शिकावं लागतं आणि सगळ्यांचाच जीव वाचतो. मग ज्यांच्याकडे काहीच नाही ते पण तोच गणवेश घालून फिरतात. हेन्री बेट्स नावाच्या इंग्रज माणसाने ॲमेझॉनच्या जंगलात फुलपाखरं बघत वर्षानुवर्षं काढली आणि १८६२ मध्ये ही नकलेची गोष्ट मांडली. म्हणजे पट्ट्यांवरून ओळखायला जाणं म्हणजे ज्या फसवणुकीसाठी ते पट्टे आहेत तिलाच बळी पडणं.

मी काय बघतो ते सांगतो. आधी डोळे आणि मिशा. साध्या माशीचे डोळे भलेमोठे, जवळपास सगळं डोकं म्हणजे डोळेच, आणि मिशा इतक्या आखूड की दिसतच नाहीत. मधमाशी आणि गांधीलमाशीच्या मिशा लांब आणि कोपरात वाकवलेल्या हातासारख्या. पुस्तकात लिहितात की माशीला दोन पंख आणि मधमाशीला चार, ते खरंच आहे, पण मधमाशीचे पुढचे मागचे पंख बारीक आकड्यांनी एकमेकांत अडकलेले असतात त्यामुळे जिवंत मधमाशीवर चार पंख मोजून दाखवा बघू! त्यापेक्षा मिशा बघा.

मग केस. मधमाशी केसाळ, गांधीलमाशी गुळगुळीत, पॉलिश केल्यासारखी चकचकीत. मग कंबर, गांधीलची कंबर अगदी चिमटीत धरल्यासारखी. मधमाशीला पण कंबर आहे, केसांत झाकलेली असते. मग मागचे पाय, मधमाशीच्या मागच्या पायांवर पिवळ्या-केशरी परागाचे गोळे दिसले की विषय संपला. गांधील उडताना तिचे लांब पाय खाली लोंबतात. आणि बसल्यावर ती पंखांची उभी घडी घालते, त्यामुळे पंख अगदी अरुंद पट्टीसारखे दिसतात, ही खूण लांबूनही कळते.

आणि हे काहीच जमलं नाही तर घर बघा. मेण असेल तर मधमाशी. राखाडी कागद असेल तर गांधील. माती असेल तर कुंभारीण.

मोगरा_वाघबीळ

मस्त धागा! माझ्याकडे तुळशीवर रोज सकाळी एक येते, अंगावर निळे पट्टे आहेत, हो पट्टे म्हणू नका म्हणालात पण निळेच आहेत त्याला मी काय करू :) एका जागी टिकतच नाही, झुप् झुप् करत एका मंजिरीवरून दुसऱ्या मंजिरीवर, आणि मोठ्ठा आवाज. फोटोत नुसता धूसर ठिपका येतो.

येऊरचा_भटक्या

इथे निळे पट्टे चालतील, कारण आपल्याकडे असे पट्टे फार जणांना नाहीत. अमेगिला. ही मधमाशीच आहे पण मध साठवणारी नाही, राणी नाही, मोहोळ नाही, प्रत्येक मादी एकटीच मातीत किंवा मातीच्या भिंतीत बीळ करून अंडी घालते. तुमच्याकडे कुंडीत टोमॅटो किंवा वांगं असेल तर हिची वाट बघत बसा. त्या फुलांचा पराग बारीक छिद्रातून बाहेर येतो, नुसतं बसून मिळत नाही, तर ही फूल घट्ट धरून अंग थरथरवते आणि पराग झडतो. आपली सातेरी, म्हणजे पेटीत पाळतात ती मधमाशी, हे करू शकत नाही. आणि संध्याकाळी टॉर्च घेऊन सुक्या काडीवर बघा, यांचे नर जबड्याने काडी धरून ओळीने झोपलेले असतात, पाय हवेत. एकदा दिसलं की विसरत नाही माणूस.

हिच्यासारखीच पण काळ्या अंगावर निळे ठिपके असलेली दिसली तर ती थायरियस. ती अमेगिलाच्या बिळात गुपचूप अंडं घालते, कोकिळेचाच धंदा.

मध_खाऊ

मुद्द्याचं बोला, मध कुठे मिळेल :D

जुना_ठाणेकर

मध_खाऊ, आमच्या लहानपणी वाड्याच्या भिंतीत सातेरीचं मोहोळ असायचं, आजोबा वर्षातून एकदा कांदा, म्हणजे पोळ्याचा मधाचा भाग, कापायचे आणि बाकीचं पोळं तसंच ठेवायचे. आता वाडे गेले, टॉवर आले. माझी माहिती जुन्या माणसांकडून आलेली आहे, नावं तीच वापरतो. आग्या म्हणजे सगळ्यात मोठी, उघड्यावर एकच भलंमोठं पोळं, फांदीखाली, कड्याला, आता टॉवरच्या स्लॅबखाली. सातेरी मध्यम, अंधारात राहते, झाडाची ढोली, भिंतीची पोकळी, आणि एकाशेजारी एक अशी बरीच पोळी. पेटीत पाळतात ती हीच. फुलोरी लहान, झुडपात एका काडीभोवती तळहाताएवढं एकच पोळं. आणि पोयाची माशी, ही तर काळी, तांदळाच्या दाण्याहून बारीक, हिला नांगीच नाही.

आणि एक सांगतो, हल्ली पेटीतली परदेशी मेलिफेरा पण लोक पाळतात, १९६२ मध्ये हिमाचलातल्या नगरोटा बगवानला ती पहिल्यांदा नीट रुजली. पण आपल्या इमारतींना जी लटकते ती मेलिफेरा नव्हे, ती आग्याच.

टेरेसवाली_सीवूड्स

काका, फारच छान. फुलोरी मला सेंट्रल पार्कच्या बाजूला खारघरमध्ये दिसली होती, बोगनवेलीच्या जाळीत. पोटाचा पुढचा भाग विटकरी आणि मागे काळे-पांढरे पट्टे. इतकी गरीब की मी हातभर अंतरावर उभी होते तरी कुणी विचारलं नाही.

येऊरचा_भटक्या

फुलोरी तीच. आणि पुन्हा दिसली तर फांदी बघा, पोळ्याच्या दोन्ही बाजूंना काडीवर चिकट पट्टा लावलेला असतो, झाडांच्या डिंकाचा. मुंग्या येऊ नयेत म्हणून. आणि पोळ्याचा वरचा भाग काडीला वेढून सपाट असतो, त्या गच्चीवर नाच करून त्या एकमेकींना फुलं कुठे आहेत ते सांगतात. सातेरी हाच नाच अंधारात उभ्या पोळ्यावर करते, तिला सूर्य दिसत नाही म्हणून वरची दिशा म्हणजे सूर्य असं धरून चालते. फुलोरीला हे गणित लागत नाही, ती सरळ फुलांच्या दिशेनेच नाचते. मधमाश्यांच्या नाचाचा अर्थ लावल्याबद्दल कार्ल फॉन फ्रिश यांना १९७३ चं नोबेल मिळालं होतं.

प्रॅक्टिकल_पाटील

हे सगळं वाचायला बरं आहे हो. आमच्या इथे घोडबंदर रोडला चौदाव्या मजल्याच्या डक्टमध्ये चार फूट पोळं लटकतंय, खालच्या फ्लॅटमध्ये सहा महिन्यांचं बाळ आहे, रात्री लाईट लावला की दहा-बारा माश्या काचेवर आपटतात, सकाळी लादीवर मरून पडलेल्या. तिथे मी मिशा बघत बसू का? मारायचं नाही तर करायचं काय ते सांगा.

येऊरचा_भटक्या

पाटीलसाहेब, तुमचा प्रश्न या धाग्यातला सगळ्यात महत्त्वाचा आहे, आणि तुम्ही वर्णनातच उत्तर दिलंय. उघड्यावर एकच मोठं पोळं आणि रात्री दिव्याला येतात म्हणजे आग्या. आपल्या मध साठवणाऱ्या मधमाश्यांत चांदण्या रात्री फुलांवर जाणारी ही एकच, म्हणून बाल्कनीतला दिवा तिला फसवतो. त्यामुळे पहिला उपाय फुकट आहे, त्या बाजूचे पडदे लावा, बाल्कनीतले आणि डक्टमधले दिवे रात्री बंद ठेवा, आत हवाच असेल तर पिवळा मंद दिवा. येणाऱ्या माश्या लगेच कमी होतील. आणि मेलेल्या माश्या अनवाणी पायाने तुडवू नका, मेलेल्या माशीची नांगी पण लागते.

दुसरं, आग्या भटकी असते. पावसाळ्याच्या सुमाराला ती सहसा पोळं रिकामं करून उठून जाते आणि पुढच्या मोसमात बऱ्याचदा त्याच इमारतीला, त्याच जागेवर परत येते. रिकामं पोळं मिळालं की ते काढून मेण पूर्ण खरवडून टाका आणि त्या जागी जाळी किंवा रंग मारा, नाहीतर मेणाच्या वासावर परत हजर.

तोवर थांबणं शक्य नसेल, बाळ आहे म्हणजे मी समजू शकतो, तर माश्या न मारता पोळं हलवणारी प्रशिक्षित माणसं असतात त्यांना बोलवा. रात्री, अंधारात, खालचा रस्ता बंद करून, सगळ्या मजल्यांना आधी सांगून. औषध फवारू नका. फवारल्यावर अर्ध्या माश्या मरतात आणि उरलेल्या अर्ध्या तुमच्या खिडकीत असतात. आणि वॉचमनला टेंभा देऊन वर पाठवण्याचा उद्योग तर कधीच नको.

सिव्हिल_इंजिनिअर_कोपरखैरणे

पाटील, साइटवरचा अनुभव सांगतो, आग्याच्या पोळ्याखाली ड्रिल, कटर काही चालवायचं नाही. त्या पोळ्यावर बाहेरच्या बाजूला माश्यांचा थरावर थर असा पडदा असतो, आणि काही जवळ आलं की त्या सगळ्या मिळून पोट वर उचलतात, पूर्ण पोळ्यावरून लाट गेल्यासारखी दिसते. मोठी गांधील जवळ आली की हेच करतात. दिसायला सुंदर आहे पण ते बघितलं की गुपचूप मागे सरायचं.

अवांतर, आमच्या साइट ऑफिसच्या लाकडी चौकटीला एकदम गोल भोकं पडतायत, पेन्सिल जाईल एवढी, खाली भुसा. आणि काळाकुट्ट भलामोठा भुंगा तिथे घिरट्या मारतो, अंगावर येतो. हा कोण, आणि लाकूड वाचवायचं कसं?

जुना_ठाणेकर

अहो हा तर आपला भुंगा. कोरडं लाकूड पोखरणारा भुंगा सातशे वर्षांपूर्वीच्या ओव्यांत आहे, तुमच्या साइट ऑफिसच्या कितीतरी आधीपासून.

येऊरचा_भटक्या

झायलोकोपा, सुतार भुंगा. ही पण मधमाशीचीच जात. ती लाकूड खात नाही, नुसतं कोरते, आत बोगदा करून एकेक कप्प्यात परागाचा गोळा आणि त्यावर अंडं ठेवते. पंखांवर निळी-जांभळी झाक असते, उन्हात बघा. अंगावर येतो असं वाटतं तो बहुतेक वेळा नर, तो आपली हद्द राखतो, आणि नराला नांगीच नसते! कुठल्याच मधमाशीच्या किंवा गांधीलमाशीच्या नराला नसते, नांगी म्हणजे मुळात अंडी घालायची नळी, बदललेली. मादीला असते पण हातात पकडल्याशिवाय ती चावायला येत नाही.

चौकटीला रंग किंवा वॉर्निश मारा, रंगवलेल्या लाकडाला ती सहसा हात लावत नाही. आणि आवारात एक सुका बांबू किंवा ओंडका टांगून ठेवा, तिकडे जाईल. करंज, रुई, शेवगा यांच्या फुलांना हाच मोठा भुंगा लागतो.

याची एक बहीण तर रात्री फिरते, पूर्ण अंधारात. आपल्या भीमाशंकरच्या जंगलात तिच्यावर अभ्यास झालाय, चांदण्यांच्या उजेडात पण तिला रंग कळतात असं दिसलंय. आपल्याला त्या उजेडात हिरवं-निळं काही कळत नाही.

खाडीकाठ_ऐरोली

माझा प्रश्न विचित्र आहे, हसू नका. पार्किंगमध्ये गाडीवर रोज पिवळे पिवळे बारीक थेंब पडतात, मोहरीएवढे, वाळले की निघत नाहीत. सेक्रेटरी म्हणतात कबुतरं, बायको म्हणते समोरच्या बांधकामाचा रंग. वर झाड नाही. आता धागा वाचून वर बघितलं तर अकराव्या मजल्याच्या छज्जाखाली काळं काहीतरी लटकतंय. संबंध असेल का?

येऊरचा_भटक्या

हाहा, शंभर टक्के संबंध आहे! ती आग्यामाश्यांची शी आहे. हजारो माश्या एकदम बाहेर पडून मोकळ्या होतात, पिवळा रंग पचलेल्या परागाचा. आणि तुमच्या सेक्रेटरींनी वाईट वाटून घेऊ नये, १९८१ मध्ये अमेरिकेच्या सरकारने लाओस-कंबोडियातल्या अशाच पिवळ्या थेंबांना रासायनिक अस्त्र म्हटलं होतं, रशियाने पुरवलेलं. "पिवळा पाऊस" म्हणून जगभर गाजलं. मग मॅथ्यू मेसेल्सन आणि थॉमस सीली या शास्त्रज्ञांनी ते थेंब तपासले तर परागकण, आणि ते पण पचून रिकामे झालेले. थायलंडमध्ये गेले तर अशा पावसात स्वतःच सापडले. गाडीवर कव्हर टाका आणि थेंब ओले असतानाच पाण्याने धुवा, बाकी काही नाही.

खाडीकाठ_ऐरोली

सोसायटीच्या ग्रुपवर "आपल्या पार्किंगमध्ये रासायनिक अस्त्र" असा मेसेज टाकू का, मेंटेनन्स तरी वेळेवर भरतील लोक. धन्यवाद साहेब. आता कळलं, उन्हाळ्यात खाडीकडच्या तिवरांना बारीक पिवळी फुलं येतात तेव्हा तिथे जो गुंजारव असतो तो यांचाच असणार.

दोन_पोरांची_आई

गांधीलमाशीबद्दल कुणी नीट सांगा ना. आमच्या ग्रिलला छत्रीसारखं छोटं पोळं आहे, खाली उघडी भोकं, लालसर तपकिरी माश्या त्यावर नुसत्या बसून असतात. मुलगा पाचवीत आहे, तो म्हणतो आई काढू नकोस मी निरीक्षण करतोय. मला झोप नाही.

येऊरचा_भटक्या

ताई, वर्णनावरून रोपालिडिया वाटतेय. पोटावर एकच बारीक पिवळी रेघ आहे का बघायला सांगा मुलाला. हे पोळं कागदाचं असतं, लाकडाचा वरचा पापुद्रा खरवडून, चावून, लाळेत मिसळून केलेला कागद. त्यात मध नसतो. या शिकारी आहेत, अळ्या पकडून स्वतःच्या पिल्लांना भरवतात, म्हणजे कुंडीतल्या झाडांचं भलंच करतात.

मुलाला हेही सांगा की बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतले राघवेंद्र गदगकर यांनी याच साध्या गांधीलमाशीवर दशकानुदशकं काम केलंय. माश्यांना रंगाचे ठिपके लावायचे, प्रत्येकीला वेगळी ओळख, आणि मग ती काय करते ते लिहून ठेवायचं. त्यातून कळलं की रोपालिडियाची राणी दादागिरी करणारी नसते, उलट शांत असते. राणीला उचलून बाजूला ठेवलं की एकच कामकरी माशी अचानक आक्रमक होते आणि पुढची राणी तीच बनते, बाकीच्या तिला आव्हान देत नाहीत. सुरुवातीला पोळं, पेन आणि वही एवढंच लागतं, म्हणजे तुमच्या मुलाला काही कमी नाही.

पण आता आईच्या बाजूने बोलतो. ग्रिल रोज उघडायची असेल, कपडे तिथेच वाळत असतील तर पोळं तिथे ठेवू नका. पोळं लहान असताना, दोन-चार माश्या असताना काढणं सोपं. गांधीलची नांगी मधमाशीसारखी तुटत नाही, एकच माशी परत परत डंख मारू शकते. खिडकी उघडत नसेल, काच बंद ठेवून पोरगा आतून बघत असेल, तर मी ठेवलं असतं.

प्रॅक्टिकल_पाटील

दिवे बंद केले. फरक पडलाय, काल रात्री दोनच. डक्टचं बघतो कमिटीशी बोलून. पण मोठी गांधील आणि ही एकच का? आमच्या गावाकडे अंगठ्याएवढी असते, काळी, पोटावर मधोमध केशरी पट्टा, तिला सगळे टरकून असतात.

येऊरचा_भटक्या

नाही, ती वेस्पा, तिच्यात दोन आपल्याकडे नेहमी दिसतात. तुम्ही म्हणता ती वेस्पा ट्रॉपिका, आणि दुसरी वेस्पा ॲफिनिस, हिच्या पोटाचा पुढचा भाग सगळा पिवळा-केशरी आणि मागचा काळा. मोठं पोळं बाहेरून कागदाच्या आवरणाने बंद असतं, आतली भोकं दिसत नाहीत. भोकं उघडी दिसली तर रोपालिडियासारखी लहान गांधील, बंद आणि एकच दार असेल तर वेस्पा. आणि वेस्पाच्या पोळ्याला स्वतः हात लावायचा नाही म्हणजे नाही. गंमत म्हणजे ट्रॉपिका छोट्या गांधीलींच्या पोळ्यांवरच धाड घालून पिल्लं पळवते. सातेरी मात्र मोठी गांधील दारात आली की शेकडोंनी तिच्यावर तुटून पडते, तिला गोळ्यात कोंडते आणि अंग थरथरवून इतकी उष्णता करते की गांधील मरते. डंख न मारता.

डॉक्टरीणबाई_नौपाडा

ओळख झाली, आता चावल्यावरचं मी लिहिते कारण पेशंट हळद-चुना-लोखंड लावून येतात.

मधमाशी चावली तर नांगी कातडीत राहते आणि विषाची पिशवी चालूच असते, म्हणून ती लगेच काढायची. नखाने, कार्डाने, चिमट्याने, कशानेही, पण लगेच. योग्य पद्धत शोधत बसण्यात वेळ घालवू नका. साबण-पाण्याने धुवा, बर्फ लावा. सूज दुसऱ्या दिवशी वाढली तरी घाबरायचं कारण नाही.

पण अंगभर गांध्या उठल्या, ओठ-जीभ-घसा सुजला, श्वास लागला, चक्कर आली, उलट्या झाल्या, तर घरी थांबायचं नाही, सरळ कॅज्युअल्टी. त्याला ॲड्रेनलिनचं इंजेक्शन लागतं, ॲलर्जीची गोळी देऊन वाट बघण्यात जीव जाऊ शकतो. आणि एकाच वेळी खूप माश्या चावल्या तर ॲलर्जी नसली तरी दाखवायलाच हवं, मुलं आणि म्हातारी माणसं तर नक्कीच.

आग्या मागे लागली तर हात झटकू नका, तोंड झाका आणि पळा, जवळच्या बंद खोलीत किंवा गाडीत. पाण्यात उडी मारू नका, त्या वर वाट बघतात. एका डंखाबरोबर सुटणारा वास बाकीच्यांना बोलावतो, म्हणून जिथे चावली तिथे उभं राहायचं नाही.

जुना_ठाणेकर

त्या वासाला पिकलेल्या केळ्याचा गंध असतो म्हणतात, खरं का हो डॉक्टरीणबाई?

डॉक्टरीणबाई_नौपाडा

हो, त्यातलं मुख्य रसायन केळ्याच्या इसेन्समध्ये पण असतं. म्हणून पोळ्याखाली उभं राहून केळं खाऊ नका असं गमतीने सांगतात.

मीटररूम_कळवा

आमच्या मीटर बॉक्सच्या मागून भिंतीतून एक काळपट नळी बाहेर आलीय, बोटाएवढी, मेणाची वाटते, आणि तोंडाशी बारीक काळ्या माश्या. वायरमन म्हणतो मुंग्यांना पंख फुटलेत. स्प्रे मारू का विचारतोय.

जुना_ठाणेकर

थांबवा त्याला! पोयाच्या माश्या आहेत. नांगी नाही, फार तर केसांत शिरतील. नळी मेण आणि डिंकाची, ते त्यांचं दार. मध अगदी थोडा निघतो आणि आंबटसर असतो. मध_खाऊ, डोळे चमकवू नका.

मध_खाऊ

मी काही बोललोच नाही. पण गंभीरपणे, टॉवरवरच्या आग्याचा मध कॉन्ट्रॅक्टर फुकट नेतो, तो खाण्यासारखा असतो का?

येऊरचा_भटक्या

खाण्यासारखा असतो, पण औषध फवारलेलं पोळं असेल तर अजिबात नाही, आणि फवारलंय की नाही हे तुम्हाला बाटलीवरून कळणार नाही. आग्याच्या मधात पाणी जास्त असतं, त्यामुळे नुसता ठेवला तर आंबतो. मला विचाराल तर महाबळेश्वरकडचा घ्या, तिथलं मांघर २०२२ मध्ये मधाचं गाव म्हणून जाहीर झालंय, सातेरीच्या पेट्या घरोघरी आहेत.

टेरेसवाली_सीवूड्स

नकली मंडळी राहिली की. मी वर म्हटलं त्या आजींच्या झेंडूवरची माशी, हवेत एका जागी स्थिर, जशी काही टांगून ठेवलीय, मग झटकन बाजूला, परत स्थिर. मिशा नाहीतच म्हणाव्यात इतक्या. होव्हरफ्लाय. हिच्या बऱ्याच जातींच्या अळ्या मावा खातात, माझ्या जास्वंदीवरचा मावा मी आता त्यांच्यावर सोडलाय. आजींना दाखवलं की ही चावतच नाही तर म्हणाल्या मग एवढा आव कशाला आणते.

मोगरा_वाघबीळ

आणि अनंताच्या झाडाभोवती जो हिरवट, हमिंगबर्डसारखा, पारदर्शक पंखांचा प्राणी येतो तो? आमचे हे म्हणतात मोठी मधमाशी.

येऊरचा_भटक्या

पतंग आहे तो, सेफोनोडीस. दिवसा उडणारा. त्याची हिरवी अळी अनंताची पानं खाते, शेपटीला एक शिंग असतं, शोधलीत तर सापडेल. कोषातून बाहेर येतो तेव्हा पंखांवर खवले असतात, पहिल्याच उड्डाणात ते झडतात आणि पंख काचेसारखे होतात. डंख नाही.

असाच दुसरा एक पतंग, अमाटा, काळं अंग, पिवळे पट्टे, पंखांत पारदर्शक खिडक्या, ओवळ्याच्या फुलपाखरू बागेच्या बाजूला गवतात पावसाळ्यानंतर असतो. गांधीलची नक्कल, पण उडतो इतका आळसात की लगेच कळतं. खऱ्या गांधीलला एवढा निवांतपणा नसतो.

दोन_पोरांची_आई

मुलाने विचारलंय, हे त्याचेच शब्द: "बाथरूममध्ये एक हिरवी चमकणारी मुंगीसारखी माशी झुरळाला मिशी धरून ओढत नेत होती. झुरळ जिवंत होतं आणि स्वतः चालत होतं. आई म्हणते मी थापा मारतो."

येऊरचा_भटक्या

आई, थाप नाही! ॲम्प्युलेक्स, पट्टे नाहीत पण गांधीलीचीच नातलग. झुरळाला थेट मेंदूत डंख मारते, त्याने झुरळ मरत नाही, फक्त स्वतःहून पळायची इच्छा जाते. मग मिशी धरून बिळात नेते, पायावर अंडं घालते, दार बंद करते. पुढचं मुलाला जेवताना सांगू नका.

दोन_पोरांची_आई

सांगितलं त्याने वाचून. जेवतानाच. पोळं राहू दिलंय, खिडकी बंद करून, वही आणलीय.

पारसिक_हिलवाला

उशिरा आलो. एक फोटो टाकलाय वर, गुलाबाच्या पानांची गोल गोल कात्रणं कोण नेतंय? आणि त्याच फोटोत मागे कढीपत्त्यावर एक लांबट, केसाळ, मोठ्या डोळ्यांची बसलीय, ती पण तीच का?

येऊरचा_भटक्या

गुलाबवाली मेगाकाईल, पानकापी मधमाशी. ती पराग पायांवर नेत नाही, पोटाच्या खालच्या केसांत नेते, म्हणून पोट पिवळं दिसतं. कात्रणं गुंडाळून अंड्यासाठी कप्पे करते, गुलाबाला काही होत नाही. फवारू नका.

कढीपत्त्यावरची वेगळी आहे, डोळे बघता माशी वाटते, बहुधा दुसऱ्या किड्यांची शिकार करणारी. पण मिशा पानाआड गेल्यात आणि पाय अंधारात आहेत. सकाळच्या उन्हात, बाजूने एक काढा.